महात्मा गांधींचें जीवन आणि मरण

आमच्या धर्मग्रामाच्या महोत्सवानिमित्त निघणाऱ्या या स्मरणिकेंत एखाद्या थोर पुरुषाचें चरित्र असावें अशी मंडळींची इच्छा होती, आणि तें लिहिण्याचें काम त्यांनीं आमच्यावर सोंपविलें. संतांचीं चरित्रें आमच्या लोकांस रविवारच्या उपदेशांतून ऐकावयास मिळतातच. म्हणून या खेपेस आम्हीं अशा एका पुरुषाची निवड केली आहे कीं जो ख्रिस्ती नव्हता, ख्रिस्ती होण्याचा मित्रांचा आग्रह ज्यानें अनेकदां नम्रपणें परतविला, आणि तरीही ज्याच्या मरणाची हकीकत वाचतांना ख्रिस्ती वाचकास आपल्याच घरची कांहीं गोष्ट वाचीत असल्याचा भास होतो.

विसावें शतक हें पुढाऱ्यांच्या हत्यांचें शतक होऊन गेलें. २८ जून १९१४ रोजीं साराजेव्हो शहरीं ऑस्ट्रियाच्या युवराजावर गोळी झाडली गेली आणि तिच्यामागोमाग सारें युरोप युद्धांत पडलें. १९ जुलै १९४७ रोजीं शेजारच्या ब्रह्मदेशांत आंग सान व त्यांचे सहकारी भर बैठकींत मारले गेले. १९५१ सालीं पाकिस्तानचे लियाकत अली खान, १९५९ सालीं सिंहलद्वीपाचे भंडारनायके, १९६३ सालीं अमेरिकेचे केनेडी, १९६८ सालीं मार्टिन ल्यूथर किंग, आणि १९८० सालीं एल साल्वादोरचे आर्चबिशप रोमेरो, ज्यांस मिस्सा अर्पण करीत असतांच वेदीपाशीं गोळी लागली. आमच्याच देशांत १९८४ सालीं इंदिरा गांधी व १९९१ सालीं त्यांचे पुत्र राजीव गांधी त्याच वाटेनें गेले. या सर्व दुःखद यादींत एक हत्या मात्र अशी आहे कीं ती परक्याची म्हणून आम्हां मराठी माणसांस वाचतां येत नाहीं. कारण तिचा कट आमच्या भाषेंत रचला गेला, आणि त्या कटाचे धागे आमच्या बीड जिल्ह्याच्या शिवेपर्यंत येऊन पोहोंचतात.

गांधींचें समग्र चरित्र येथें सांगण्याचा आमचा विचार नाहीं. तें शाळेंतल्या मुलांसही ठाऊक आहे. आम्हांस एकच धागा धरावयाचा आहे. गांधींच्या अंगावर हात टाकणारा मनुष्य ३० जानेवारी १९४८ रोजीं प्रथमच उगवला नव्हता. त्यापूर्वीं पन्नासाहून अधिक वर्षें तो निरनिराळ्या देशीं, निरनिराळ्या वेषांत त्यांच्या वाटेवर उभा होता. आणि मारणाऱ्याशीं कसें वागावें याचा अभ्यास हा पुरुष तितकींच वर्षें करीत आला होता.

मोहनदास करमचंद गांधी यांचा जन्म २ ऑक्टोबर १८६९ रोजीं काठेवाडांत पोरबंदर येथें झाला. वडील संस्थानचे दिवाण, आई पुतळीबाई अत्यंत व्रतस्थ. १८८८ सालीं ते कायद्याच्या अभ्यासासाठीं लंडनास गेले. तेथें एका ख्रिस्ती गृहस्थाच्या सांगण्यावरून त्यांनीं पवित्र शास्त्र वाचावयास घेतलें. जुना करार वाचतांना आपणांस झोंप येऊं लागे असें त्यांनीं मोकळेपणानें लिहून ठेविलें आहे. (आमचेही कित्येक श्रोते या बाबतींत महात्म्याच्या पंक्तीस बसण्यासारखे आहेत.) परंतु नव्या करारांतील प्रभूच्या डोंगरावरील प्रवचनापाशीं येतांच तें तरुण मन जागें झालें. एका गालावर मारणाऱ्यापुढें दुसरा गाल करावा, ही शिकवण त्यांच्या काळजांत जाऊन बसली. आम्ही ती लहानपणापासून पाठ म्हणत आलों आहों. तिची परीक्षा मात्र त्या परधर्मीय विद्यार्थ्यास द्यावी लागली.

बॅरिस्टर होऊन ते १८९१ सालीं परत आले व १८९३ सालीं एका खटल्याच्या कामासाठीं दक्षिण आफ्रिकेंत गेले. तेथें हिंदी लोकांवर होणाऱ्या अन्यायाविषयीं त्यांनीं हिंदुस्थानांत येऊन भाषणें केलीं, यामुळें नाताळमधील गोरे लोक खवळून गेले. १३ जानेवारी १८९७ रोजीं ते दरबान बंदरांत आगबोटींतून उतरले तों जमावानें त्यांस ओळखलें. दगड, विटा व नासकीं अंडीं यांचा वर्षाव झाला, पागोटें ओढून घेतलें गेलें, लाथाबुक्क्यांनीं ते भोंवंडून एका घराच्या कठड्यास धरून उभे राहिले. इतक्यांत तेथील पोलीस सुपरिंटेंडेंट अलेक्झांडर यांची पत्नी त्याच वाटेनें येत होती. तिनें पुढें होऊन आपली छत्री उघडली आणि गांधी व जमाव यांच्यामध्यें ती उभी राहिली. त्या बाईस न मारतां गांधींस मारणें कोणास साधेना. रात्रीं जमावानें त्यांच्या यजमानाचें घर वेढलें, तेव्हां अलेक्झांडर साहेबानें बाहेर उभें राहून लोकांकडून गाणें म्हणवून घेत त्यांस रमविलें, आणि तेवढ्या अवधींत गांधी हिंदी शिपायाचा वेष करून मागच्या वाटेनें निसटले. पुढें विलायतेहून वसाहतमंत्री चेंबरलेन यांचा हुकूम आला कीं हल्लेखोरांवर खटले भरावे. गांधींनीं फिर्याद देण्याचें नाकारलें, व तसें लिहूनही दिलें. त्या लोकांस खोटी माहिती मिळाली होती, खरी कळतांच ते आपण होऊन लाजतील, अशी त्यांची समजूत होती.

अकरा वर्षांनीं प्रसंग याहून कठीण आला, कारण या वेळीं मारणारे आपले होते. ट्रान्सवालच्या सरकारनें हिंदी लोकांस बोटांचे ठसे देऊन परवाने घेण्याची सक्ती केली होती. गांधींनीं त्याविरुद्ध सत्याग्रह केला, ते तुरुंगांत गेले, आणि नंतर जनरल स्मट्स यांच्याशीं तडजोड करून त्यांनीं परवाने स्वेच्छेनें घेण्याचें मान्य केलें. कांहीं पठाणांस वाटलें कीं यानें पैसे खाऊन आपणांस विकलें. जो पहिला परवाना घेईल त्यास ठार मारूं, अशी त्यांच्यापैकीं एकानें भर सभेंत शपथ घेतली होती. १० फेब्रुवारी १९०८ रोजीं सकाळीं जोहान्सबर्ग येथें गांधी स्वतः पहिला परवाना घेण्यास निघाले. वाटेंत मीर आलम नांवाचा त्यांचाच एक अशील साथीदारांसह उभा होता. त्यानें कोठें जातां म्हणून विचारलें, आणि उत्तर मिळतांच पाठीमागून डोक्यांत काठी बसली. रामनाम घेत ते बेशुद्ध पडले, व पडल्यावरही त्यांस लाथांनीं आणि लोखंडी नळ्यांनीं मारण्यांत आलें.

शुद्धीवर येतांच त्यांनीं प्रथम मीर आलम कोठें आहे हें विचारलें, आणि त्यास पकडलें आहे असें ऐकल्यावर त्याला सोडून द्यावें अशी विनंति सरकारास तारेनें केली. त्यांची शुश्रूषा जोसेफ डोक नांवाच्या बॅप्टिस्ट धर्मोपदेशकानें आपल्या घरीं केली. त्या रुग्णाच्या इच्छेवरून डोक यांची लहान मुलगी ऑलिव्ह हिनें दाराशीं उभी राहून एक इंग्रजी स्तोत्र गाइलें. तें स्तोत्र रचणारे जॉन हेन्री न्यूमन पुढें कॅथलिक झाले, कार्डिनल झाले, आणि २०१९ सालीं ख्रिस्तसभेनें त्यांस संत म्हणून घोषित केलें. पठाणाच्या काठीनें फुटलेलें हिंदूचें डोकें, बॅप्टिस्टाचें घर, आणि भावी कॅथलिक संताचें गीत! डोक यांनींच पुढें १९०९ सालीं गांधींचें पहिलें चरित्र लिहून प्रसिद्ध केलें.

सरकारनें गांधींच्या विनंतीवरून आरोपींस प्रथम सोडलें, परंतु गोऱ्या नागरिकांनीं तक्रार केली कीं भर रस्त्यांत झालेला गुन्हा ही कांहीं गांधींची खासगी बाब नव्हे. मीर आलमास पुन्हां पकडून सक्तमजुरीची शिक्षा देण्यांत आली. गोऱ्यांचें हें म्हणणें आम्हांस सर्वस्वी चुकीचें वाटत नाहीं. राज्यास राज्याचा धर्म आहे. परंतु कथा तेथें संपली नाहीं. स्मट्स यांनीं वचन मोडलें असें पाहून १६ ऑगस्ट १९०८ रोजीं हिंदी लोकांनीं मशिदीच्या आवारांत हजारों परवान्यांची होळी केली. त्या सभेंत मीर आलम पुढें आला, आपण मारलें ही चूक झाली असें त्यानें सर्वांसमक्ष सांगितलें व आपला परवाना जाळावयास दिला. गांधींनीं त्याचा हात हातांत घेऊन आपल्या मनांत कधींच राग नव्हता असें त्यास सांगितलें.

आतां पुण्याकडे वळूं. ज्या शहरांतून पुढें त्यांचा मारेकरी निघाला, त्याच शहरांत त्यांस गुरु मिळाला होता. १८९६ सालीं हिंदुस्थानांत आले असतां गांधी पुण्यास गेले व टिळक, डॉक्टर भांडारकर आणि गोपाळ कृष्ण गोखले या तिघांस भेटले. टिळक त्यांस समुद्रासारखे वाटले आणि गोखले गंगेसारखे, जिच्यांत कोणीही निःशंक उतरावें. पुढें कलकत्त्यास ते गोखल्यांच्या घरीं महिनाभर राहिले; १९१२ सालीं गोखले प्रकृति बरी नसतां आफ्रिकेंत जाऊन आले; आणि ९ जानेवारी १९१५ रोजीं गांधी मायदेशीं परतले तेव्हां एक वर्षभर कोठेंही राजकीय भाषण न करितां देश पाहावा ही गुरूची आज्ञा त्यांनीं पाळली. गोखले त्यानंतर दीड महिन्याच्या आंतच, १९ फेब्रुवारी रोजीं, वारले. त्यांच्या भारतसेवक समाजांत शिरण्याची गांधींची इच्छा होती. सभासदांत मतभेद आहेत असें पाहून त्यांनीं आपला अर्ज परत घेतला.

चंपारण, असहकार, दांडी इत्यादि गोष्टी आम्ही वगळतों. परंतु दोन ठिकाणीं आमचें व त्यांचें जमत नाहीं, तें न सांगणें अप्रामाणिकपणाचें होईल. धर्मांतर त्यांस पसंत नव्हतें, आणि मिशनऱ्यांच्या कार्याविषयीं त्यांनीं पुष्कळ कठोर लिहिलें. आमचा धर्मग्राम ज्या कार्यांतून उभा राहिला त्याविषयीं त्यांचें मत आम्हांस मान्य होणें शक्य नाहीं. दुसरें असें कीं १९३२ च्या सप्टेंबरांत येरवड्याच्या तुरुंगांत त्यांनीं प्राणांतिक उपोषण मांडलें, आणि त्याच्या दडपणाखालीं डॉक्टर आंबेडकरांस स्वतंत्र मतदारसंघ सोडून २४ सप्टेंबरला पुणें करारावर सही करावी लागली. प्रांतिक कायदेमंडळांतील जागा ७१ वरून १४८ झाल्या हें खरें. तथापि आमच्या धर्मग्रामांतील पुष्कळशा कुटुंबांचें मूळ ज्या वाड्यांत आहे, तेथील वडील माणसें त्या उपोषणाची गोष्ट निराळ्या स्वरांत सांगत, आणि त्यांचें दुःख खोटें होतें असें म्हणण्याचा अधिकार आम्हांस नाहीं.

इकडे आमच्या बाजूनेंही सर्व कांहीं शोभेसें घडलें नाहीं. १९३१ च्या डिसेंबरांत गांधी रोमास गेले, तेव्हां पोप महाराजांची भेट त्यांस मिळाली नाहीं. त्यांनीं तक्रार केली नाहीं. ते सिस्टाइन मंदिर पाहावयास गेले आणि तेथें क्रुसावरील ख्रिस्ताच्या मूर्तीपुढें बराच वेळ उभे राहिले. त्यांचे डोळे भरून आले होते. सेवाग्रामच्या झोपडींत, जेथें भिंतीवर दुसरी शोभेची वस्तु नव्हती, तेथें प्रभु येशूचें एक चित्र होतें.

पुण्यानें त्यांचा प्राण एकदां वांचविलाही होता. येरवड्यास कैदेंत असतां १९२४ च्या जानेवारींत त्यांस आंत्रपुच्छाचा विकार झाला. १२ तारखेच्या रात्रीं ससून रुग्णालयांत कर्नल मॅडॉक या इंग्रज शस्त्रवैद्यानें शस्त्रक्रिया केली. बाहेर वादळ होतें. मध्येंच विजेचे दिवे गेले, हातांतला विजेचा दिवाही विझला, आणि उरलेलें काम कंदिलाच्या उजेडांत पुरें झालें. दहा वर्षांनीं त्याच पुण्यांत, २५ जून १९३४ रोजीं, अस्पृश्यतानिवारणाच्या दौऱ्यावर असतां नगरपालिकेचें मानपत्र घेण्यास ते येत होते. त्यांची समजून एका मोटारीवर बाँब टाकण्यांत आला. कांहीं माणसें जखमी झालीं. गांधींची गाडी मागून येत असल्यामुळें ते व कस्तुरबा वांचलीं. सभा ठरल्याप्रमाणें झाली, आणि बाँब टाकणाऱ्याविषयीं त्यांनीं कीवच व्यक्त केली. तो कोण होता हें कधींच उघड झालें नाहीं. परंतु वाचकांनीं हें वर्ष लक्षांत ठेवावें. १९३४ सालीं पाकिस्तान नव्हतें, फाळणी नव्हती, पंचावन्न कोटींचा प्रश्न नव्हता.

आमचा मराठवाडा त्या वेळीं निजामाच्या हैदराबाद राज्यांत होता. आंबेजोगाईच्या योगेश्वरी शाळेंत स्वामी रामानंद तीर्थ शिकवीत असत. पुढें तेच हैदराबादच्या लढ्याचे अध्वर्यु झाले. १९३८ च्या ऑक्टोबरांत स्टेट काँग्रेसनें निजामाविरुद्ध सत्याग्रह सुरू केला आणि गांधींच्या सल्ल्यावरून डिसेंबरांत तो थांबविला. हिंदुमहासभा व आर्यसमाज यांनीं आपला निराळा लढा मात्र चालू ठेविला होता. हिंदुमहासभेच्या तुकडीबरोबर पुण्याहून निजामाच्या हद्दींत शिरून तुरुंगांत गेलेला एक तरुण होता नथुराम विनायक गोडसे. गांधींच्या त्या सल्ल्याचा राग अनेकांनीं मनांत ठेविला. आमच्या भागांतील कांहीं वृद्धांच्या बोलण्यांतही तो आम्हीं ऐकिला आहे. राग येणें व बंदूक उचलणें यांत अंतर आहे. पण तें किती आहे हें ज्याचें त्यासच ठाऊक.

९ ऑगस्ट १९४२ रोजीं गांधींस पकडून पुण्याच्या आगाखान राजवाड्यांत ठेविलें. तेथें सहा दिवसांतच त्यांचे चिटणीस महादेवभाई देसाई वारले, आणि २२ फेब्रुवारी १९४४ रोजीं कस्तुरबा गेल्या. ६ मे १९४४ रोजीं ते सुटले. जुलैमध्यें पांचगणीस विश्रांति घेत असतां पुण्याहून आलेल्या तरुणांनीं त्यांच्या प्रार्थनासभेंत निषेधाच्या घोषणा केल्या. तेथें सुरा निघाला कीं नाहीं यावर पुढें पुष्कळ वाद झाला. तो आम्ही उकरीत नाहीं. सप्टेंबरांत ते जिनांस भेटावयास निघूं नयेत म्हणून सेवाग्रामच्या वाटेवर कांहीं लोक आडवे झाले, आणि त्यांतील एकापाशीं पोलिसांस सुरा सांपडला. १९४६ च्या जूनअखेर मुंबईहून पुण्यास जाणारी त्यांची खास गाडी रात्रीं कर्जतच्या अलीकडे रुळांवरील धोंड्यांवर आदळली. चालकानें वेळीं गाडी आवरली म्हणून अनर्थ टळला. गांधी झोंपले होते. त्यांस सकाळीं कळलें.

पुढील दीड वर्ष हें त्यांच्या आयुष्याचें खरें कालवरी होय, असें आम्हांस वाटतें. देश स्वतंत्र होत असतां हा म्हातारा नौखालींत अनवाणी गांवोगांव हिंडत होता. १५ ऑगस्ट १९४७ रोजीं दिल्लींत दिवे लागले तेव्हां तो कलकत्त्यास एका मोडक्या मुसलमानी घरांत उपवास व प्रार्थना करीत होता. त्याच घरावर ३१ ऑगस्टच्या रात्रीं हिंदूंचा जमाव चालून आला, एक वीट व एक काठी त्यांच्या अगदीं जवळून गेली. दुसऱ्याच दिवशीं त्यांनीं उपोषण धरलें आणि तीन दिवसांत कलकत्ता शांत झालें. सप्टेंबरांत ते दिल्लीस आले. १३ जानेवारी १९४८ रोजीं दिल्लींतील मुसलमानांस निर्भयपणें राहतां यावें म्हणून त्यांनीं शेवटचें उपोषण आरंभिलें. १५ तारखेस सरकारनें पाकिस्तानच्या वाट्याचे अडकवून ठेविलेले पंचावन्न कोटी रुपये देण्याचें ठरविलें. १८ तारखेस सर्व पक्षांनीं लेखी हमी दिल्यावर त्यांनीं उपोषण सोडलें.

आतां आमच्या शेजारच्या जिल्ह्याचें नांव येतें. अहमदनगर, ज्यास आज अहिल्यानगर म्हणतात, आमच्या पश्चिमेस लागून आहे; आष्टी-पाटोद्याकडील माणसें बाजारास व दवाखान्यास तिकडेच जातात. नगरास विष्णु करकरे नांवाचा गृहस्थ खाणावळ व उतारूंची जागा चालवी. नारायण आपटे हा तेथील मिशनच्या शाळेंत शिक्षक होता, व पुढें पुण्यास नथुराम गोडसे याच्या ‘अग्रणी’ पत्राचा व्यवस्थापक झाला. फाळणीनें देशोधडीस लागलेला मदनलाल पाहवा हा पंजाबी तरुण नगर जिल्ह्यांतील निर्वासितांच्या छावणीच्या आश्रयानें आला आणि करकऱ्यास मिळाला. दूरच्या दिल्लींतील घटनेची कांहीं मुळें अशीं आमच्या ओळखीच्या रस्त्यांवर आहेत.

२० जानेवारीस बिर्ला भवनांत प्रार्थना चालू असतां मदनलालनें भिंतीपाशीं स्फोट केला. बाकीचे सोबती गडबडीनें पळाले, तो सांपडला. गांधी जागचे हलले नाहींत. त्या मुलाशीं कठोरपणें वागूं नये असें त्यांनीं पोलिसांस सांगितलें, आणि प्रार्थनेस येणाऱ्यांचे खिसे तपासण्याची सरदार पटेलांची सूचना त्यांनीं मान्य केली नाहीं. देवाच्या प्रार्थनेस येणाऱ्या माणसाची झडती घ्यावयाची, तर ती प्रार्थनाच कशाला?

येथपर्यंत दोष कोणाचा म्हणावा? गांधींचा म्हणावयाचा तर म्हणा. परंतु पुढील दहा दिवसांचा दोष त्यांचा नव्हे. मदनलालनें स्फोटापूर्वींच मुंबईंतील एका प्राध्यापकापाशीं कटाची वाच्यता केली होती, व त्या गृहस्थानें २१ तारखेस मुंबईचे मुख्यमंत्री खेर व गृहमंत्री मोरारजी देसाई यांस तें सांगितलें. मदनलालच्या जबानींत पुण्याच्या एका मराठी पत्राच्या संपादकाचा उल्लेख होता. पुण्यांत अशा पत्राचा संपादक कोण हें काढण्यास किती वेळ लागावा? दिल्लीचे पोलीस मुंबईस आले आणि परत गेले. पुण्यास कोणी नीट विचारलेंच नाहीं. पुढें न्यायमूर्ति कपूर यांच्या आयोगानें १९६९ सालीं दिलेल्या अहवालांत ही सारी ढिलाई तारीखवार मांडली आहे. तो अहवाल वाचतांना मनास जें वाटतें तें रागापेक्षां लाजेच्या अधिक जवळचें असतें.

३० जानेवारीस शुक्रवार होता. चार वाजतां सरदार पटेल भेटावयास आले; त्यांचे व पंडित नेहरूंचे मतभेद मिटावे याविषयीं बोलणें लांबलें. प्रार्थनेची वेळ पांचाची. वक्तशीर गांधींस उशीर झाल्याचें वाईट वाटत होतें. मनु व आभा या दोन मुलींच्या खांद्यांवर हात ठेवून ते हिरवळीवरून भराभर चालूं लागले. नथुराम गर्दींतून पुढें आला, त्यानें हात जोडले, वाट अडविणाऱ्या मनूस बाजूस ढकललें. तिच्या हातांतील जपमाळ व वही खालीं पडली. ती उचलावयास ती वांकली, आणि तेवढ्यांत तीन गोळ्या सुटल्या. पांच वाजून सतरा मिनिटें झालीं होतीं. गांधी पडले तेव्हां त्यांच्या मुखीं रामनाम होतें असें जवळच्यांनीं सांगितलें आहे, आणि १९०८ सालीं जोहान्सबर्गच्या रस्त्यावर काय झालें होतें हें ज्यास ठाऊक आहे त्यास त्यांत नवल वाटणार नाहीं.

प्रथम अफवा उठली कीं मारणारा मुसलमान होता. आकाशवाणीनें मारेकरी हिंदु असल्याचें तत्काळ जाहीर केलें, आणि त्या एका वाक्यानें किती प्राण वांचले याची गणती नाहीं. परंतु तो ब्राह्मण होता हेंही लवकरच कळलें, आणि मग आमच्या महाराष्ट्रांत जें झालें तें सांगावयास लेखणी अडखळते. पुणें, सातारा, सांगली, कोल्हापूर, नागपूर या भागांत ज्यांनीं कटाचें नांवही ऐकिलें नव्हतें अशा ब्राह्मणांचीं घरें जाळण्यांत आलीं. कोल्हापुरांत भालजी पेंढारकरांचा चित्रनिर्मितीचा कारखाना भस्म झाला. मुंबईंत सावरकरांचे धाकटे बंधु नारायणराव यांस दगडांनीं ठेंचलें. ते पुढच्या वर्षीं वारले. आणि हें सर्व अहिंसेच्या उपदेशकाच्या नांवानें! दरबानच्या जमावांत आणि या जमावांत आम्हांस कांहींच भेद दिसत नाहीं, एवढाच कीं येथें मध्यें छत्री उघडून उभी राहणारी बाई सर्वत्र मिळाली नाहीं. बीडचे लोक त्या वेळीं रझाकारांच्या दहशतींत दिवस काढीत होते. त्यांची सुटका सप्टेंबर १९४८ च्या कारवाईनें झाली.

लाल किल्ल्यांत न्यायाधीश आत्माचरण यांच्यापुढें खटला चालला. निकाल १० फेब्रुवारी १९४९ रोजीं लागला. मीर आलमची काठी बसली ती १० फेब्रुवारीलाच, एकेचाळीस वर्षांपूर्वीं. गोडसे व आपटे यांस फांशीची, इतर पांच जणांस जन्मठेपेची शिक्षा झाली. सावरकर निर्दोष सुटले. अपिलांत दोन आरोपी सुटले, फांशी कायम राहिली. तेव्हां गांधींचे पुत्र मणिलाल व रामदास यांनीं वडिलांच्या मारेकऱ्यांस फांशी देऊं नये अशी याचना केली. मणिलाल हे आफ्रिकेंत वाढलेले, डोक यांच्या घरची ती गोष्ट घरांत ऐकिलेले. सरकारनें ती याचना मानली नाहीं. राज्यास राज्याचा धर्म आहे असें आम्हीं वर म्हटलें, आणि तें आम्ही मागें घेत नाहीं. तरी या ठिकाणीं आमचें मन त्या दोघां पुत्रांच्या बाजूस उभें राहतें. १५ नोव्हेंबर १९४९ रोजीं अंबाल्याच्या तुरुंगांत दोघांस फांशी दिलें गेलें.

१९६४ सालीं जन्मठेपेचे कैदी सुटून आले तेव्हां पुण्यांत त्यांच्या स्वागताचा समारंभ झाला. तेथें टिळकांचे नातू ग. वि. केतकर यांनीं आपणांस हा बेत आधीं ठाऊक होता असें जाहीरपणें सांगितलें, आणि देशभर गहजब उडाला. कपूर आयोगाचा जन्म त्यांतूनच झाला.

१३ मे १९८१ रोजीं रोमांत पोप दुसरे जॉन पॉल यांच्यावर गोळ्या झाडण्यांत आल्या. ते वांचले, आणि १९८३ च्या डिसेंबरांत ख्रिस्तजयंतीच्या दिवसांत आपल्या मारेकऱ्याच्या तुरुंगाच्या खोलींत जाऊन त्याच्याजवळ बसले. १९८६ सालीं ते हिंदुस्थानांत आले तेव्हां प्रथम राजघाटावर गेले. ज्या पुरुषास रोमांत एकदां भेट मिळाली नव्हती, त्याच्या समाधीपाशीं रोमाचे धर्माध्यक्ष प्रार्थना करीत उभे राहिले. त्याच प्रवासांत ते पुण्यासही येऊन गेले.

आम्ही पुण्यास नगर रस्त्यावरील सेमिनरींत शिकत होतों तेव्हां आगाखान राजवाडा चालत जाण्याजोगा होता. सुटीच्या दिवशीं आम्ही चारसहा विद्यार्थी तिकडे जात असूं. मागच्या बाजूस झाडांखालीं महादेवभाई व कस्तुरबा यांच्या समाध्या शेजारीं शेजारीं आहेत. कैदेचीं ती जवळजवळ दोन वर्षें गांधी रोज महादेवभाईंच्या समाधीवर फुलें वाहावयास जात. तारांच्या कुंपणाच्या आंत त्यांस तेवढेंच चालावयास मोकळें होतें.